खुणेचं गवत

हळदीत लव्हाळा शिरला की मी माणसात राहत नाही. उपटावा तर गाठ जमिनीत राहते आणि आठ दिवसांत पुन्हा वर. म्हणून डोंगरकड्याच्या आमच्या रानात बांधापासून ओढ्याच्या झाडीपर्यंत तणनाशक मारताना मी कुठलंच गवत सोडलं नाही. जांभळांच्या दाट सावलीतला, ओलीतला तो गवताचा गर्द हिरवा बुचकाही नाही. दांडा तीनधारी, म्हणजे लव्हाळाच; एवढंच माझं शहाणपण.

आई तेव्हा पुसेगावला बहिणीकडं राहायला गेली होती. ती परतेपर्यंत मी वाळलेलं सगळं जाळून जागा सपाट केली होती.

दुपारची भाकर ती नेहमी तिथं एकटीच खायची. तिला सावलीचा सोस आहे म्हणून आम्ही चिडवायचो. डोळ्यांनी आता अंधुकच दिसतं, तरी त्या बुचक्याशी ती बरोबर पोचायची. त्या दिवशी मात्र ती जांभळांखाली वाकून हातानं माती चाचपत राहिली. मी शाबासकीची वाट बघत होतो.

"काहून मारलंस?" ती म्हणाली. "त्ये लव्हाळा न्हवतं."

मग तिनं सांगितलं. माझ्याआधी एक मुलगा झाला होता, नऊ दिवसांचा होऊन गेला. तान्ह्या लेकराला जाळत नाहीत, पुरतात. थोरल्यांनी त्याला इथं पुरलं आणि तिला बजावलं, दगड ठेवायचा नाही, पुन्हा तिकडं फिरकायचं नाही. दगड लोकांना दिसला असता. गवताकडं कोण बघतं? ओढ्याच्या झाडीत पार आत, जिथं ऊन पोचत नाही, तिथलं हे गवत तिनं मुळासकट आणून त्याच्यावर लावलं. चाळीस वर्षं कुणाला कळलं नाही. मला भाऊ होता हे मलाही नाही.

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आणि असं झालं की मी बडबडतो. तिचा हात धरून एका बुंध्यापासून दोन पावलांवर मातीत टेकवला आणि छातीठोकपणे सांगितलं, बुचका इथंच होता. खरं तर मला काहीच आठवत नव्हतं. फवारताना मी खाली बघितलंच कुठं होतं.

आई बराच वेळ माती चोळत राहिली. माझं खोटं तिला लहानपणापासून कळतं, तेव्हाही कळलंच असणार.

"बराबर," ती म्हणाली. "मंग चपला काढ."

मी काढल्या.