हळद लागलेली फणी

बाळांनो, रविवारी फोनवर तुम्ही विचारलंत, "आजी, तुझा आवाज चिडल्यासारखा का येतोय?" मी विषय बदलला, कारण फोनवर ते नीट सांगता आलं नसतं. आता क्रमाने लिहिते.

यावलला आपल्या गल्लीच्या टोकाला राहणारी अक्का तुम्हाला आठवत असेल. मागच्या सुट्टीत तिने तुम्हाला केळफुलाची भाजी करून घातली होती आणि धाकटीने तीनदा मागून घेतली होती. वयाने ती माझ्यापेक्षा बरीच लहान, पण सगळं गाव तिला अक्काच म्हणतं. माहेर धुळ्याकडचं. मी धुळ्याला देवपुरात जन्मभर शाळेत इंग्रजी शिकवलं, त्यामुळे माझ्याशी ती हक्काने अहिराणीत बोलते आणि मला बाई म्हणते.

पूर्वी अक्का लोकांच्या केळीच्या बागांतून निंदणी करायची, झाडाबुडची पिलं, म्हणजे नवे कोंब, कापायची. मग गावाबाहेर पॅकिंग हाऊस झालं. तिथे केळीच्या फण्या हौदात धुतात, त्यांचा चीक काढतात, खोक्यांत भरतात आणि गार कंटेनरमधून परदेशी पाठवतात. अक्का आधी हौदापाशी उभी राहिली, नंतर बायकांची मुकादम झाली. बाकीच्यांच्या टोप्या पांढऱ्या, हिची निळी. टोपी मिळाली त्या दिवशी ती मला दाखवायला मुद्दाम घालून आली होती. मी त्या जागेला नावं ठेवणार नाही. डोक्यावर छप्पर आहे, बायकांना स्वच्छ संडास आहे, पगार वेळेवर होतो. बागेत यातलं काही नव्हतं.

नियम मात्र सगळे तिकडचे, केळी विकत घेणाऱ्यांचे. ते भिंतीवर इंग्रजीत लावलेले होते. मी ते अक्काला मराठीत लिहून दिले. बांगड्या काढायच्या, नखं कापायची, टिकली लावायची नाही.

"टिकली कसाले नको, बाई?"

"खोक्यात पडेल म्हणून."

"पडनी त पडनी. खानारी लायी ली कपाळले!" आणि स्वतःच हसत सुटली.

आता चूक कशी झाली ते सांगते. हंगामातला पहिला घड कापला की त्यातल्या एका फणीला हळदकुंकू लावायचं, ती देवापुढे ठेवायची आणि मग सगळ्यांनी वाटून खायची, अशी इकडे बागेतली पद्धत आहे. अक्काने ती पॅकिंग हाऊसमध्येही चालवली. कोणाला न सांगता पहिल्या फणीला हळदकुंकू लावलं आणि टेबलाच्या कडेला ठेवली, संध्याकाळी बायकांना वाटायला. त्या दिवशी गाडी लवकर आली. सगळ्यांची धांदल उडाली आणि ती फणीही कोणीतरी खोक्यात भरली. जळगावला तपासणीत नेमकं तेच खोकं उघडलं. सालीवर पिवळे-लाल डाग. अख्खी गाडी परत आली.

दुसऱ्या दिवशी पॅकिंग हाऊसचे मॅनेजर माझ्या घरी आले. तरुण, नम्र माणूस. "मॅडम, खरेदीदाराला लेखी खुलासा लागतो, तोही इंग्रजीत. आमच्याकडे तसं कोणी लिहीत नाही." त्यांनी एक फॉर्म पुढे केला. काय घडलं, का घडलं, जबाबदार कोण, पुन्हा घडू नये म्हणून काय केलं, असे चार रकाने. अक्का दाराशी उभीच होती. म्हणाली, "लिखा ना बाई. तुम्ही सांगश्यात त त्यास्ले समजी. हळद शे, इख थोडंच शे?"

इख म्हणजे विष. तिचं म्हणणं मला पटलं. मी बसले आणि लिहिलं. हळद आम्ही रोज खातो, ती घाण नव्हे, या पद्धतीमागे काय भावना आहे, सगळं मुद्देसूद. तिसऱ्या रकान्यात लिहिलं, 'महिला विभागाच्या मुकादम'. नाव घातलं नाही, पण मुकादम तिथे एकच. तो रकाना मला रिकामा सोडता आला असता. जन्मभर मी मुलांना उत्तरपत्रिकेत रिकामी जागा सोडल्याबद्दल रागावले. माझा हात थांबला नाही.

पाचव्या दिवशी अक्का बोडक्या डोक्याने आली. टोपी काढून घेतली होती. मुकादमकीही नाही आणि हौदही नाही. ती ओट्यावर बसली आणि एवढंच म्हणाली, "माले काढी टाकं, बाई."

मी तडक मॅनेजरकडे गेले. त्यांनी चहा मागवला, फाइल उघडली आणि माझंच पत्र माझ्यापुढे ठेवलं. तिसऱ्या रकान्याखाली लाल रेघ होती.

"आमच्या हातात काही नाही, मॅडम. तिकडून कळवलंय की जबाबदार व्यक्ती कामावर नको."

"आणि हळदीबद्दल लिहिलं होतं ते?"

"ते बहुतेक वाचलं नसावं. पण इंग्रजी मात्र सुंदर! पुढचे खुलासे तुम्हीच लिहून द्याल का?"

चहा तसाच ठेवून मी उठले.

लहानपणी माझे वडील सांगायचे, इंग्रज आपला कापूस कच्चा न्यायचे आणि कापड करून आपल्यालाच विकायचे. आता आपलं राज्य आहे, आता असं होणार नाही, असंही म्हणायचे. पुढे दीपनगरच्या वीजकेंद्राची धुराडी त्यांनी मला मोठ्या अभिमानाने दाखवली. ती वीज आज पॅकिंग हाऊसमध्ये आहे, रस्ता आहे, काम आहे. मी हे नाकारत नाही. पण केळी हिरवीच जातात, त्यांच्यावर चिकटवायचं लेबलही तिकडून येतं, आणि कोणाच्या डोक्यावर टोपी राहावी हेही तिकडेच ठरतं. माझं इंग्रजी आपली बाजू सांगायला उपयोगी पडेल असं वडिलांना वाटायचं. मलाही वाटायचं. ते उपयोगी पडलं फक्त तिसऱ्या रकान्यापुरतं.

आठवड्याने अक्का पुन्हा आली. कामावर परत घ्या, असा अर्ज तिला हवा होता. मी सवयीने इंग्रजीत सुरुवात केली, तर तिने कागदावर हात ठेवला.

"आते मराठीमा लिखा. मना अर्ज शे, माले वाचता येवाले पाहिजे."

तिला सावकाश का होईना, मराठी वाचता येतं. मी लिहिलं. तिने बोट फिरवत पूर्ण वाचलं, एके ठिकाणी 'क्षमस्व' होतं ते खोडायला लावलं आणि सही केली. मॅनेजरांनी तो अर्ज त्याच दिवशी माझ्याकडे परत पाठवला. सोबत निरोप, 'याचं इंग्रजी करून द्या, नाहीतर पुढे जाणार नाही.'

अक्काला विचारलं. ती म्हणाली, "नही."

मी तिला समजावलं, थोडी रागावलेही. तिने ऐकून घेतलं आणि सकाळी विळा घेऊन बागेत गेली, पुन्हा पिलं कापायला. अर्ज माझ्या टेबलावर आहे. इंग्रजी करायला मला दहा मिनिटं पुरतील, आणि तिला न विचारता ते करावं असं रोज एकदा तरी मनात येतं. अजून केलेलं नाही. रविवारी तुमचा फोन आला तेव्हा तोच कागद माझ्यासमोर होता.