घोड्यानं न खाल्लेलं गवत

नातीनं हॉलंडहून आणलेला शोभेचा लाकडी बुटांचा जोडा कपाटावर आहे. मी त्याकडे बघायचं टाळते.

राजूरच्या शाळेत बाईंनी सांगितलं होतं, शंभर वर्षांपूर्वी हॉलंडमधली मुलं रात्री येणाऱ्या संताच्या घोड्यासाठी अशा जोड्यात गवत ठेवायची; घोडा ते खाऊन गेला की सकाळी त्यात खाऊ मिळायचा. मग आम्हीही वर्गाबाहेर चपलांत गवत ठेवलं. माझ्या वर्गातल्या सुमनला चपलाच नव्हत्या. तिनं वडिलांच्या टायरच्या आणल्या; ते अनवाणीच कामावर गेले.

आम्हाला गणितं घालून बाईंनी बाहेर गवताच्या जागी लाडू ठेवले. पाणी प्यायच्या निमित्तानं मी बाहेर गेले, सुमनचा लाडू खाल्ला आणि तिच्या चपलेत पुन्हा गवत कोंबलं.

शाळा सुटल्यावर तीच मला समजावत म्हणाली, "घोड्याची चूक न्हाई गं. आमचंच गवत लई वाळल्यालं हुतं."