लिलावाचं डफडं

साक्षीच्या पिंजऱ्यात चढला की तो आधी दोन्ही तळहात धोतराला पुसायचा. मग एकच वाक्य: “वाजवलं, सायेब. तीन खेपा वाजवलं.” वाशीमच्या कोर्टात मी कारकून. हे वाक्य इतक्यांदा लिहिलं, की त्यानं तोंड उघडायच्या आत माझा टाक चालायला लागायचा.

तो कोर्टाचा डफडेवाला. बँकेच्या वसुलीपायी कुणाचं घर लिलावात निघालं, की त्या घरासमोर डफडं वाजवून पुकारा करायचा, असा कायदा. पुकारा झाला नाही तर लिलाव रद्द होऊ शके. त्यामुळे घर गेलेला जो तो कोर्टात येऊन हेच म्हणायचा, की डफडं वाजलंच नाही.

वकील त्याला घोळात घ्यायचे. एकानं विचारलं, समोर कोण उभं होतं? हा म्हणाला, एक बकरी होती, आवाजानं पळाली. हातावर काही ठेवू पाहणाऱ्याला सांगायचा, “तुमचं दुख समजते मले, पन वाजलं ते वाजलं.” आम्ही कारकून पाठीमागे त्याला ‘खरेबुवा’ म्हणायचो. त्यात कौतुक थोडं, टवाळी जास्त.

जर्मनीशी लढाई लागली, तिकडचा रंग यायचा बंद झाला आणि आसेगावचे एक रंगारी चाचा बुडाले. लिलावाला दोनच बोलीवाले आले, घर मातीमोल गेलं. चाचांनीही अर्ज केला. बायकोच्या अंगावरून वारं गेलेलं, ती अंथरुणाला खिळलेली. ते वकिलाला म्हणाले, घर काही वाचत नाही हे मलाही कळतं. तिला तिच्या घरात डोळे मिटू द्या, एवढंच.

पुकाऱ्याच्या दिवशी मी रजा काढून आसेगावातच होतो, सासुरवाडीला. चाचांच्या घरासमोरच्या ओट्यावर पानाला चुना लावत मी ते डफडं ऐकलं होतं. पुरत्या तीन खेपा. सोबतचा बेलीफ पुढे तापानं वारला.

सुनावणीला खरेबुवा पिंजऱ्यात चढला, तळहात पुसले. मी ‘वाजवलं’ लिहूनही टाकलं.

“नाही वाजवलं, सायेब. पाय दुखत होते. नाल्यापासूनच वापस आलो.”

मी शब्द खोडला. न्यायाधीशांनी चष्मा काढून त्याच्याकडे पाहिलं आणि विश्वास ठेवला. ठेवणारच, इतक्या वर्षांत तो कधी खोटं बोलला नव्हता. मेलेल्या बेलिफाचा रिपोर्ट बाजूला पडला, लिलाव रद्द झाला, आणि त्याच दिवशी त्याची नोकरी गेली. मला काहीच वाटलं नाही. हात तेवढा लिहीत होता.

तुम्ही म्हणाल, चला, घर तरी वाचलं. कसचं काय! बँकेनं नवा हुकूम आणला, नव्या माणसानं डफडं वाजवलं, चार महिन्यांत घर गेलंच. बाई त्याच्या पंधरा दिवस आधी गेली. आपल्या घरात.

पुढे एकदा शेलूबाजारच्या रस्त्यावर तो खडी फोडताना दिसला. पार वाळला होता. मी विचारलं, बुवा, असं का केलंत? त्यानं हातोडा खाली ठेवला नाही.

“मी केलं ते केलं. तुमीबी तं ओट्यावर होते. पाह्यलं होतं मी तुमाले. तुमी काहून नाही बोलले?”

“मला कुणी विचारलंच नाही,” मी म्हणालो.

त्यानं मान हलवली आणि पुढचा दगड ओढला.

नंतर त्या बाजूला गेलो तेव्हा रस्ता पुरा झाला होता. तो कुठे गेला, हे तिथं कुणाला ठाऊक नव्हतं. मीही फार विचारलं नाही.