हेलिकॉप्टरपर्यंत मी एकटाच पोचलो

मंडळी, आज दुपारची गोष्ट अजून मनातून जात नाही.

अवसरीला इंजिनिअरिंग करणाऱ्या माझ्या मुलीनं डायनासोरच्या सिनेमावरचा खेळ घरी आणला. पट, फासे, बेटावर अडकलेली माणसं आणि टोकाला हेलिकॉप्टर. नियम इंग्रजीत. डिक्शनरी घेऊन मी स्वतः इंग्रजी शिकलोय. मोटारीच्या स्टार्टरपासून मिक्सरपर्यंत सगळी माहितीपत्रकं घरात मीच वाचतो. हेही मीच वाचून सांगितलं: आधी हेलिकॉप्टर गाठेल तो जिंकला.

सौ. पुढे होती. पण मुलीची सोंगटी मागे डायनासोरजवळ अडकली, तशी सौ. थांबली.

“अगं, पळ की! नियम कळत नाही का?” मी ओरडलो.

“कळतोय. पण सांजचं उसाच्या कडनं येताना बिबट्याच्या भ्यानं आमी मागच्या बाईला सोडून येतो व्हय? हिला कशी सोडू?”

“हा खेळ आहे, तुझी खुरपणी नाही,” म्हणत मी हेलिकॉप्टर गाठलं.

मुलगी हळूच म्हणाली, “पप्पा, सगळे बसल्याशिवाय ते उडत नाही. एक जरी मागं राहिला, तरी सगळे हरतात. शेवटच्या पानावर आहे.”

ते पान मी जाहिरात समजून सोडलं होतं.

“मग आधी का नाही बोललीस?”

“तुम्ही वाचताना मधे बोललेलं तुम्हाला चालत नाही ना.”

नियम चुकला तर पुन्हा वाचता येतो. पण माझी चूक समोर दिसत असून लेक गप्प बसली, याची लई लाज वाटतेय.

तुमच्या घरी तुम्हाला ‘चुकलात’ असं तोंडावर कोण सांगतं?