पोस्टमनभाऊंची पहिली फेरी

आमचे शेजारी पोस्टमनभाऊ निवृत्त झाले आणि शहराच्या ज्या जुन्या पेठेत तीस वर्षं पत्रं वाटली, तिथेच गाइड बनले. पहिले पाहुणे आम्ही नवराबायको. "तुम्ही कंटाळलात तर हे खूळ आजच बंद, असं घरून बजावलंय," त्यांनी निघतानाच सांगून टाकलं.

पाठ केलेला इतिहास ऐकताना मला जांभई आली. चौथ्या इमारतीपाशी मात्र बोलता बोलता जुन्या सवयीने त्यांचं बोट दारावरच्या बेलवर गेलं. दार उघडलं. भाऊंना घाम फुटला.

"अरे मेल्या, किती महिन्यांनी!" आतल्या आजी ओरडल्या. "ये आत!"

"आजी, मी कामावर आहे."

"मग कामालाही घेऊन ये!"

आजींनी आम्हाला थेट गच्चीवर नेलं. तिथून पेठेतला घड्याळाचा मनोरा अगदी हाताशी आला. पुढच्या दारी भाऊंनी मुद्दामच बेल दाबली. तिथला शिंपी गळ्यात टेप घेऊनच आमच्यासोबत निघाला. तासाभरात आमच्यामागे अकरा माणसांची वरात होती आणि प्रत्येकजण आपल्याच खिडकीतला देखावा दाखवायला आम्हाला ओढत होता.

"कंटाळलात का, वहिनी?" भाऊंनी घाबरत विचारलं.

"गप्प बसा," बायको धापा टाकत म्हणाली, "पुढची बेल मी दाबणार!"