चहाच्या खोक्यावर वाजलेला तिसरा ठेका

भुताखेतांच्या गप्पा निघाल्या की उठून चहा टाकायला जाणारा माणूस मी. बायकोच्या माहेरी असल्या गोष्टींचा खजिना आहे आणि प्रत्येक गोष्टीत खोट काढून मी तिथे नाव खराब करून घेतलंय. त्यामुळे हे वाचून हसलात तरी चालेल... पण शेवटपर्यंत वाचा.

साठचं दशक. यूएई हे नावही तेव्हा नव्हतं. आमच्या राजापूरकडच्या मंडळींच्या मागोमाग मीही दुबईला आलो आणि बर दुबईत, खाडीच्या काठी, बोटींना किराणा पुरवणाऱ्या दुकानात लागलो. मोठ्या बोटी बाहेर समुद्रात नांगर टाकत, माणसं लाँचने यायची. अशाच एका मालवाहू बोटीचा कूक होता रामोन. क्युबाचा. इंजिन बिघडल्यामुळे बोट तीन आठवडे अडकली होती. तो रोज कांदे-बटाटे घ्यायला यायचा आणि माल बांधून होईपर्यंत चहाच्या रिकाम्या खोक्यांवर हात चालवायचा.

मी गावाकडे लग्नांत डफ वाजवलेला. मला राहवेना. म्हटलं, शिकव.

काय सांगू — पार वेडा झालो मी! रामोनच्या पणजोबांना आफ्रिकेच्या पश्चिम किनाऱ्यावरून गुलाम करून क्युबात नेलं होतं. ढोल काढून घेतले तेव्हा त्या लोकांनी खोकी वाजवली, पण ठेके सोडले नाहीत. तीन ढोल, तिघांचे ठेके वेगळे, एकत्र आले की माणसं बोलत असल्यासारखं वाटतं. सगळ्यात मोठ्या ढोलाला ते ‘आई’ म्हणतात. रामोनच्या घराण्याचा एक खास ठेका होता. त्यातले धाकट्या दोन ढोलांचे भाग त्याला येत होते. आईचा भाग फक्त त्याच्या मामाला येत होता, आणि तो शिकवायच्या आत मामा वारला.

“टू सन्स, नो मदर,” रामोन म्हणायचा. घरी दोन मुलगे वाट बघत होते. त्यांना काय, अर्धवटच शिकवायचं? हे बोलताना त्याचा चेहरा बघवत नसे.

बोट सुटायची त्या शुक्रवारी, जुम्म्याची नमाज झाल्यावर, आम्ही गोदामात बसलो. धाकटा ठेका माझ्याकडे, मधला रामोनकडे. गोदामाचे राखणदार मुबारक चाचा दारात बसून ऐकत होते. त्यांचे आजोबा झांझिबारचे. म्हणजे आफ्रिकेचा पूर्व किनारा — रामोनच्या पणजोबांचा मुलूख अख्खा खंड ओलांडून पलीकडे. चाचा लग्नांत लेवा या तिथल्या आफ्रिकी वळणाच्या नाचाला ढोल वाजवायचे. क्युबा हे नाव त्यांनी रामोनकडूनच पहिल्यांदा ऐकलं होतं.

चाचा उठले, सगळ्यात मोठं खोकं ओढलं आणि वाजवू लागले.

आमचे दोन ठेके इतके दिवस नुसते शेजारी बसलेले होते, ते एकदम एकमेकांशी बोलायला लागले. रामोनचा हात क्षणभर थांबला, मग दुप्पट जोरात सुरू झाला. चाचांची नजर जमिनीवर होती. पाचेक मिनिटं चाललं असेल... आणि ते थांबले.

“फिर से, चाचा, फिर से,” मी म्हणालो.

त्यांनी वाजवलं, पण तो सरळ लेवा होता. तीनदा प्रयत्न केला, तीनदा लेवाच. “वल्ला, मेरे को मालूम नहीं. हाथ अपने आप चला,” ते कपाळ पुसत म्हणाले.

रामोनने डोकं खोक्यावर टेकवलं. पण मी जागा होतो ना! आमच्याकडे डफ शिकवताना उस्ताद आधी बोल तोंडाने म्हणायला लावतात, तोंडात बसल्याशिवाय हात लावू देत नाहीत. त्या सवयीने मी मनातल्या मनात सगळं म्हणून ठेवलं होतं. घडाघडा म्हणून दाखवलं — धुम् टक, टकाटक, धुम्... फक्त दर चौथ्या फेरीला चाचांचा एक ठोका गळत होता. म्हातारा माणूस, दमले असतील, असं धरून मी तो भरून टाकला.

“नो,” रामोन म्हणाला. “डोन्ट फिक्स. लीव्ह द होल.”

मी ठोका गाळून म्हटलं. रामोन चाचांकडे गेला, त्यांचे दोन्ही हात हातात घेतले आणि बोटं मोजली. दहाच्या दहा. मग सांगितलं — मामाचं एक बोट उसाच्या चरकात गेलं होतं. चौथ्या फेरीचा तो ठोका त्याच बोटाचा.

लाँच भोंगे मारत होती. मी बोल म्हणतोय, रामोन खोक्यावर उतरवतोय, रडतोय, हसतोय, चाचा मान डोलावतायत... निघायच्या आत आईचा भाग त्याच्या हातात बसला, गाळलेल्या ठोक्यासकट. इतका आनंद मला माझ्या निकाहलाही झाला नव्हता, हे बायकोला सांगू नका.

चाचा होते तोवर आम्ही कितीतरी शुक्रवार तो ठेका धरून बघितला. चाचांच्या हातात तो आपोआप पुन्हा कधी आला नाही. मी आजही यात खोट शोधतो आणि मला सापडत नाही.

रामोनने मात्र शोधलीही नाही. लाँचमध्ये पाय ठेवताना तो एवढंच म्हणाला, “मामा कधी वेळेवर येत नसे. पण येत असे.”