टीग जे बोललाच नाही

गार्लंड टीगने सव्वीस वर्षं रोज सकाळी सहा ते नऊ रेडिओवर भांडण केलं आणि त्यावर घर चालवलं. त्याआधी तो धान्याच्या कोठारावर ट्रकांची वजनं घ्यायचा. मका आणि सोयाबीनचे दर सांगायला तो रेडिओ स्टेशनला फोन करी आणि दर सांगून झाले की सरकारबद्दल दोन वाक्यं वर टाकी. लोकांना दरांपेक्षा ती दोन वाक्यंच आवडू लागली. एका हिवाळ्यात स्टेशनच्या म्हाताऱ्या मालकाने त्याला सरळ माइकसमोर बसवलं.

टीग कट्टर होता आणि ते लपवत नव्हता. कर कमी हवेत, वॉशिंग्टनची ढवळाढवळ नको, बंदुकीला कोणी हात लावायचा नाही, शाळेत प्रार्थना झाली पाहिजे, आणि ज्याची जमीन त्याला ती हवी तशी वापरू द्या. पण विरोधकाचा फोन त्याने कधी कापला नाही. आयोना प्रूइट नावाची निवृत्त शिक्षिका वीस वर्षं दर गुरुवारी त्याच्याशी वाद घालायला फोन करी.

"बोला मास्तरीणबाई, आज काय चुकलं माझं?"

"सोमवारपासून सांगू, की फक्त आजचंच?"

अर्धी काउंटी गुरुवारची वाट बघायची.

गावाचं नाव नकाशावर भारतातल्या दिल्लीसारखंच लिहितात. बाहेरचे लोक त्याला 'डेली' म्हणतात. गावातलं कोणीही तसं म्हणत नाही. ते डेलहाय आहे, शेवटी चांगला लांबवलेला 'हाय'. कोण आपलं आणि कोण परकं हे तेवढ्यावर कळतं. मतं मागायला आलेला एक उमेदवार माइकवर तीनदा 'डेली' म्हणाला, तेव्हा टीगने त्याला थेट प्रसारणात विचारलं होतं, "साहेब, चुकीच्या विमानात बसलात का?"

म्हातारा मालक गेल्यावर अटलांटातल्या एका कंपनीने स्टेशन विकत घेतलं. टीगने अकरा पानी करारावर सही केली. शेवटचं पान तेवढं वाचलं.

यंदा मार्चमध्ये गावाच्या उत्तरेला डुकरांची सहा मोठी शेडं बांधण्याचा अर्ज काउंटीच्या मंडळापुढे आला. एकेका शेडात चोवीसशे डुकरं. गाव उभं फाटलं. सुनावणी अगदी तोंडावर येईपर्यंत टीगने आपलं मत राखून ठेवायचं ठरवलं. आधी दोन्ही बाजूंना बोलू द्यायचं आणि शेवटी आपण बोलायचं, ही त्याची जुनी रीत होती.

एका बुधवारी कार्यक्रम संपवून तो कॅफेत नाश्त्याला गेला, तर नेहमीच्या टेबलावर कोणी सरकून जागा देईना.

"या, या," हॉइट म्हणाला. त्याची जमीन त्या शेडांना लागूनच होती. "आजकाल 'डेली'त राहता म्हणे आपण?"

"काय बडबडतोस?"

"मी कशाला बडबडू? काल दुपारभर तूच बडबडत होतास. 'मी गार्लंड टीग. डेलीच्या लोकांनो, शेडांना पाठिंबा द्या.' किती मिळाले रे, गावाचं नाव विसरण्याचे?"

टीगने अशी कुठलीही जाहिरात केली नव्हती. त्याने बाहेर पिकअपमध्ये बसून रेडिओ लावला आणि वीस मिनिटं वाट पाहिली. मग ती लागली. खर्जातला आवाज त्याचाच, वाक्याआधीचा बारीक खाकरा त्याचाच. 'ज्याची जमीन त्याचा हक्क' ही ओळही त्याचीच. गावाचं नाव तेवढं परक्याचं.

त्याने अटलांटाला फोन लावला. मॉर्डेन नावाचा व्यवस्थापक अगदी गोड बोलला.

"मिस्टर टीग, आवाज संगणकाने तयार केलाय. तुमच्या जुन्या कार्यक्रमांवरून. करारात तशी परवानगी आहे, पान नऊ."

"मी हे बोललेलो नाही."

"पण हे तुमचंच मत आहे ना? आम्ही सगळं तपासूनच घेतलं."

मत खरंच टीगचं होतं. सुनावणीच्या आदल्या दिवशी तो जवळपास हेच बोलणार होता. पण ते तो बोलणार होता. हॉइटचा फोन घेऊन, आयोनाचा घेऊन, त्यांची तोंडं बंद करून किंवा स्वतःचं करून घेऊन. आता ते त्याच्या आधीच कोणीतरी बोलून मोकळं झालं होतं, आणि त्या आवाजाला उलटा फोन करायची सोय नव्हती.

"आणि मी नोकरी सोडली तर?"

"वाईट वाटेल आम्हाला," मॉर्डेन म्हणाला. "कार्यक्रम मात्र चालू राहील."

छप्पर दुरुस्त करणाऱ्याने फसवलेल्या एका विधवेला टीगने एकदा रेडिओवर सुनावलं होतं, "बाई, सही करण्याआधी वाचायचं असतं. करार म्हणजे करार." ती पुढे काहीतरी सांगत होती. ते त्याने ऐकून घेतलं होतं, पण त्याचं मत बदललं नव्हतं. त्या बुधवारी त्याला तिचं नावही आठवेना, आणि त्याचा त्याला स्वतःवरच संताप आला.

गुरुवारी त्याने पहिल्याच मिनिटाला सांगून टाकलं. "ती जाहिरात माझी नाही. जो डेली म्हणतो तो मी नव्हे. मी डेलहायचा आहे."

पहिला फोन आयोनाचा होता. "मला कालच कळलं होतं. तो माणूस मध्ये श्वासच घेत नाही. तू चुकीचं बोलायच्या आधी नेहमी श्वास घेतोस."

टीग दोन दिवसांत पहिल्यांदा हसला.

शुक्रवारी मॉर्डेनचा फोन आला. "उच्चार लक्षात आणून दिल्याबद्दल आभार. दुरुस्त केलाय."

दुपारी जाहिरात लागली. डेलहाय. शेवटचा 'हाय' चांगला लांबवलेला, अगदी गावात जन्मल्यासारखा. त्याआधी श्वाससुद्धा होता. स्वतःला ओळखण्याच्या दोन्ही खुणा टीगने आणि त्याच्या सगळ्यात जुन्या विरोधकाने भर सकाळी आपल्या तोंडाने त्यांना सांगून टाकल्या होत्या. कोणी घरात शिरून चोरी करावी आणि मग राहिलेली तिजोरीची किल्ली आपणच त्याच्या हातात नेऊन द्यावी, तसं झालं होतं.

मंगळवारी दुपारी सुनावणी झाली. दारात कारकुनाकडे कागद होता. नाव लिहायचं आणि 'बाजूने' किंवा 'विरोधात' यावर खूण करायची. टीगने नाव लिहिलं आणि पेन खाली ठेवलं.

"खूण राहिली," कारकून म्हणाला.

"राहू दे."

त्याची पाळी आल्यावर तो म्हणाला, "या शेडांबद्दल माझं एक मत होतं. ते अटलांटाच्या एका कंपनीने माझ्या तोंडून विकलं. तुम्ही गेला आठवडाभर जे ऐकलं ते कोणीही बोललेलं नाही. ते मोजू नका. आज सकाळी मी नोकरी सोडली. उद्यापासून सहा वाजता जो बोलेल तोही मी नाही."

"पण तुम्ही बाजूने आहात की विरोधात?" अध्यक्षांनी विचारलं.

"ते मी त्या आवाजाच्या मागोमाग सांगणार नाही."

"तुमची तीन मिनिटं संपली, मिस्टर टीग."

मंडळाने चार विरुद्ध एक मतांनी शेडांना परवानगी दिली. एका सदस्याने मत देताना कारणही सांगितलं. गार्लंड टीगसारखा जाणता माणूस पाठिंबा देतो म्हटल्यावर विचार करायला हवा. तेव्हा टीग तिसऱ्या रांगेत बसलेला होता.

बाहेर गाड्यांपाशी आयोनाने त्याला गाठलं. "आता सांग. कोणाच्याही मागोमाग नाही. मी समोर उभी आहे."

त्याने श्वास घेतला. "शेडं व्हायला हवीत, मास्तरीणबाई. ज्याची जमीन—"

"आणि हॉइटच्या विहिरीचं काय?"

"विहिरीचं वेगळं बघता येतं!"

"कसं बघता येतं? सांग ना!"

दोघांचे आवाज चढले तशी माणसं थांबली, गोल झाला, कोणीतरी गाडीच्या बॉनेटवर बसलं. हॉइट पिकअप सुरू करून निघत होता. खिडकीतून त्याच्या रेडिओचा मोठा आवाज आला : 'मी गार्लंड टीग. डेलहायच्या लोकांनो...'

"बंद कर तो!" टीग ओरडला.

हॉइटने खिडकीबाहेर डोकं काढलं. "तू आणि हा रेडिओ, दोघंही एकच तर सांगताय. कोणाला बंद करू?"

टीग गोल मोडून पिकअपपाशी गेला, खिडकीतून हात घातला आणि बटण फिरवून रेडिओ स्वतःच बंद केला.